खेळालाही दाखल क्रमांक हवा
वाचकांची पत्रं, ग्रंथपालबाईंची उत्तरं

मागच्या अंकात मी सहज लिहून गेले की आमच्या वाचनालयात शनिवारी दुपारी सगळ्यात जास्त देवघेव होते ती बुद्धिबळाच्या पटाची. त्या एका ओळीवर पत्रांचा गठ्ठा आला. निम्म्यांनी पाठ थोपटली, निम्म्यांनी कान उपटले. एका काकांनी तर "मग पत्त्यांचा क्लब केव्हा काढताय?" एवढंच लिहून पोस्टकार्ड धाडलं. काका, पत्ते आहेत आमच्याकडे. पुढे वाचा.

नवीन वाचकांसाठी: सांगलीतल्या एका हायस्कुलात एकोणतीस वर्षं ग्रंथपाल होते. निवृत्तीनंतर कृष्णाकाठच्या एका गावच्या वाचनालयात शनिवार-रविवार बालविभाग बघते. मानधन म्हणजे दोन वेळचा चहा, आणि तो चांगला असतो.

प्रश्न : आमच्या शाळेला माजी विद्यार्थ्यांनी चार जुने संगणक दिले. संगणक कक्षात जागा नाही म्हणून मुख्याध्यापकांनी ते ग्रंथालयात आणून ठेवले. इंटरनेट असून नसल्यासारखं. मुलं रोज विचारतात, "मॅडम, गेम हाय का?" त्यात काय टाकू? आणि मुळात हे माझं काम आहे का? मी अर्धवेळ ग्रंथपाल आहे.
— वाळवा तालुक्यातून

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. हो, तुमचंच काम आहे. संगणकाच्या सरांचं काम संगणक शिकवणं. मुलाच्या हातात काय द्यायचं, कुणाला काय झेपेल, कशाचा कंटाळा आलाय आणि आता पुढचं काय द्यावं, हे निवडणं ग्रंथपालाचं. पुस्तकाच्या बाबतीत हेच करतो ना आपण? अर्धवेळ असाल तर अर्ध्या वेळात करा, पण दुसऱ्यावर सोडू नका. सोडलं तर काय होतं ते मी पैसे मोजून शिकले आहे.

वीसेक वर्षांपूर्वी एक विक्रेता शाळेत आला. गोड बोलणारा, टाय लावलेला. 'शैक्षणिक' सीड्यांची पेटीच घेऊन आला होता, चाळीस सीड्या. विज्ञान, गणित, सामान्यज्ञान, संस्कार, सगळं. वरिष्ठांनी खरेदीला हो म्हटलं, मी न बघता सही केली. सुट्टीनंतर एकेक लावून बघायला बसले. काही उघडल्याच नाहीत. उघडल्या त्यांत आत एकच प्रश्नमंजूषा, वरचं चित्र तेवढं वेगळं. बरोबर उत्तर दिलं की टाळ्या, चुकलं की गाढव ओरडायचं. आठवड्याभरात माझ्या लक्षात आलं की सहावी ब मुद्दाम चुकीची उत्तरं देतेय. गाढव ऐकायला! टाळ्या रोजच्याच होत्या, गाढव मात्र खरोखर झकास ओरडायचं. त्या विक्रेत्याचा फोन नंतर कधी लागला नाही.

तेव्हापासून माझा नेम आहे. कोणताही खेळ मुलांपुढे ठेवायच्या आधी स्वतः अर्धा तास खेळायचा आणि त्यातली दहा मिनिटं मुद्दाम चुकत खेळायचा. चुकल्यावर खेळ काय करतो यावर त्याची जात कळते. नुसतं 'चूक' म्हणून गप्प बसतो, हिणवतो, की कुठं चुकलं ते बघायला भाग पाडतो?

आता टाकायचं काय. चार गोष्टी सांगते. चारही फुकट आहेत आणि एकदा पेनड्राइव्हवरून आणून टाकल्या की नेट लागत नाही.

लहानांसाठी जीकॉम्प्री. फ्रेंच माणसानं २००० साली सुरू केलेला हा संच आहे, दोन ते दहा वर्षांच्या मुलांसाठी. आत शंभराहून जास्त छोटे खेळ: माउस हातात बसवण्यापासून ते वजनकाटा, घड्याळ, नकाशाचे तुकडे, अगदी बुद्धिबळसुद्धा. फ्रेंचमध्ये 'जे कॉम्प्री' म्हणजे 'मला समजलं', त्यावरून नाव. जुन्या संगणकावरही बऱ्यापैकी चालतो. एकच करा, सगळे खेळ एकदम दाखवू नका. शंभर चित्रं दिसली की मूल एकही नीट खेळत नाही, जत्रेत फिरल्यासारखं करतं. त्यात खेळ निवडून ठेवायची सोय आहे. महिन्याला आठ-दहा निवडा.

दुसरं टक्स पेंट. चित्र काढायचं साधन, २००२ पासून आहे, पेंग्विन त्याचा मालक. याला खेळ म्हणावं की नाही यावर कुणी वाद घालेल. मी घालत नाही. गोष्टीचा तास झाला की गोष्टीतला एक प्रसंग यात काढायला लावते.

मोठ्यांसाठी फेट. अमेरिकेत कोलोरॅडो विद्यापीठात कार्ल वाईमन या नोबेल मिळालेल्या भौतिकशास्त्रज्ञानं २००२ मध्ये सुरू केलेले विज्ञान-गणिताचे प्रयोग. पडद्यावर तार जोडा, बल्ब लावा, बॅटरी उलटी करून बघा. काही प्रयोग मराठीतही आहेत. एकेक प्रयोग उतरवून ठेवता येतो आणि साध्या ब्राउझरमध्ये उघडतो.

आणि चौथं किविक्स. ही एक पेटी समजा, तिच्यात अख्खा मराठी विकिपीडिया बसतो आणि नेटशिवाय वाचता येतो. हा खेळ नाही, पण खेळात अडलं की शोधायला जागा हवी. शेजारी नकाशासंग्रह आणि विश्वकोशाचे खंड ठेवा. विश्वकोश वाईला घडला, आपल्या शेजारी, आणि आपल्याच शाळांत तो काचेच्या कपाटात कुलूपबंद असतो. किल्ली शिपाईमामांकडे आणि मामा रजेवर.

बसायची पद्धत: एका संगणकापुढे दोघं, माउस एकच. एकटं मूल बसलं की गप्प होतं, तिघं बसली की तिसरं खिडकीबाहेर बघतं. दोघं असली की भांडतात, आणि त्या भांडणातच शिकणं होतं. "अरे तो नको, त्याच्या आधीचा!" हे वाक्य ऐकू आलं की समजायचं, काम चाललंय. वीस मिनिटं झाली की उठायचं. त्यासाठी माझ्याकडे स्वयंपाकघरातला कुकरचा टायमर आहे.

उठताना वहीत लिहायचं. रकाने तीनच: नाव, काय खेळलो, काय अडलं. या तिसऱ्या रकान्यासाठी ही सगळी उठाठेव. आठवीतल्या दोघींनी एकदा लिहिलं, "एक बल्ब झगझगीत पेटतो. पुढं दुसरा लावला की दोन्ही मंद. असं का?" मी उत्तर दिलं नाही. ५३७ क्रमांकाच्या फळीवरचं विजेवरचं एक पुस्तक काढलं, पानात सुतळीचा तुकडा घातला आणि दुसऱ्या दिवशी त्या खुर्चीवर ठेवलं. ते पुस्तक अकरा वर्षं जागचं हललं नव्हतं. त्या महिन्यात तीनदा घरी गेलं. वर्गात फळ्यावर याच परिपथाची आकृती शिक्षकांनी काढली असेल, पण तेव्हा त्या दोघींना काही अडलेलं नव्हतं.

आता संगणक बिघडले, वीज गेली तर? जातेच. त्यासाठी माझा कागदी खेळ सांगते, तो मला या सगळ्यापेक्षा प्रिय आहे.

१९८५ साली ब्रॉडरबंड नावाच्या अमेरिकन कंपनीनं कार्मेन सँडिएगोचा खेळ काढला. कार्मेन ही चोर, देशोदेशी पळते. तुम्हाला धागेदोरे मिळतात: ती अमुक नाणं बदलून घेत होती, तमुक रंगाचा झेंडा असलेल्या विमानात बसली. आता देश ओळखा. गंमत अशी की खेळाच्या खोक्यात फ्लॉपीबरोबर जगाच्या माहितीचं एक जाडजूड वार्षिक ग्रंथही असायचा. तो उघडल्याशिवाय चोर सापडत नसे. हे वाचलं तेव्हा मी टेबलावर हात आपटला होता. संदर्भग्रंथ मुलांनी आपण होऊन उघडावेत म्हणून आम्ही ग्रंथपाल जन्म घालवतो, आणि यांनी एका चोरटीच्या नादानं ते करून घेतलं.

मग मी आमची चोरटी तयार केली. शाळेत ई-ग्रंथालय, म्हणजे पुस्तकांच्या नोंदी संगणकावर ठेवायची सोय, आली तेव्हा तालिका-पत्रांचं लाकडी कपाट निकामी झालं होतं. हजारो पत्रं, एका बाजूला पुस्तकाची नोंद, दुसरी बाजू कोरी. कोऱ्या बाजूला धागेदोरे लिहिले. आधी फक्त सांगली-सातारा. नमुना बघा:

"चोर शेवटचा दिसला तिथं दोन नद्या अगदी समोरासमोर येऊन एकमेकींना भिडतात. तिथल्या माणसानं सांगितलं, तो पिशवीत बेदाणे बांधून घ्यायला गेला."

पहिल्या वाक्यावर कऱ्हाड, कृष्णा-कोयनेचा प्रीतिसंगम. दुसऱ्यावर तासगाव. तासगावच्या पत्रावर पुढचा धागा: "तंबोऱ्याच्या भोपळ्यात लपून तो पसार झाला." मग मिरज. प्रत्येक उत्तर कुठल्या ग्रंथात, कितव्या पानावर सापडलं ते लिहायचं. नुसतं "मला माहीतच होतं" चालत नाही. तो नियम मुलांना फार जाचतो आणि तोच खरा खेळ आहे.

यात माझीही फजिती झाली. एका पत्रावर मी वारणा-कृष्णेचा संगम औदुंबरला लिहून ठेवला होता. डोळ्यांपुढं औदुंबरचा घाट, हात लिहून गेला. सातवीतला एक मुलगा पत्र घेऊन आला, म्हणाला, "बाई, तुमचा चोर चुकीच्या गावाला गेलाय. संगम आमच्या हरिपूरला हाय. घाटावरनं दिसतोय की." मी म्हटलं, ग्रंथात दाखव. तो नकाशासंग्रह घेऊन आला आणि बोट ठेवून उभा राहिला. ते चुकीचं पत्र मी फाडलं नाही. त्याच्यावर लाल शाईनं दुरुस्ती आणि खाली त्याची सही घेतली. पुढं दोन वर्षं मुलं माझ्या चुका शोधायला खेळायची.

प्रश्न : आम्ही वाचनालयात कॅरम आणि बुद्धिबळ ठेवल्यापासून ज्येष्ठ सभासदांनी कार्यकारिणीकडे लेखी तक्रार केली आहे. "ग्रंथालय म्हणजे ग्रंथांचे आलय, टाइमपासची जागा नव्हे," असं त्यांचं म्हणणं. दोघांनी वर्गणी थांबवली. काय उत्तर द्यावं?
— एक कार्यवाह, खानापूर तालुका

आधी हे मान्य करा की तक्रारीत तथ्य आहे. कॅरमचा स्ट्रायकर फळीवर आपटतो तेव्हा अग्रलेख वाचणाऱ्याच्या डोक्यात आपटतो. आणि ती पावडर! आमच्याकडे एका निवृत्त गृहस्थांनी वर्तमानपत्र उचललं आणि बोरिक पावडरीचा ढग त्यांच्या काळ्या कोटावर बसला. त्या दिवसापासून ते माझ्याशी बोलत नाहीत. येतात रोज, पण माझ्याकडे पाठ करून बसतात. पावडरीबद्दल त्यांचं बरोबर होतं.

कॅरम ओसरीवर न्या किंवा बंद करा. वाचनकक्षात ठेवायचे ते मुके खेळ: बुद्धिबळ, शब्दकोडी, नकाशाचे तुकडे. वेळ बांधा. आमच्याकडे सकाळ पूर्णपणे ज्येष्ठांची, चार ते सहा मुलांची, सहानंतर पुन्हा शांतता. वेळापत्रक दारावर लावा, कार्यकारिणीच्या ठरावाचा क्रमांक घालून. ठराव क्रमांक दिसला की निम्मा विरोध मावळतो, हा माझा अनुभव.

राहिलं 'ग्रंथांचे आलय'. ग्रंथालयशास्त्राचे पाच सिद्धांत रंगनाथनांनी १९३१ मध्ये मांडले. ते मूळचे गणिताचे प्राध्यापक, म्हणून असेल, पण पाचही सिद्धांत सूत्रासारखे आटोपशीर आहेत. पहिला, ग्रंथ उपयोगासाठी आहेत. पाचवा, ग्रंथालय ही वर्धिष्णू संस्था आहे. तक्रारदारांना पाचवा ऐकवायचा मोह होईल. मी सांगेन, पहिला ऐकवा. आणि आकड्यांनिशी. खेळ सुरू व्हायच्या आधीच्या तीन महिन्यांतली बालविभागाची देवघेव आणि नंतरच्या तीन महिन्यांतली, दोन्ही काढा. वाढली असेल तर कागद पुढं करा. वाढली नसेल तर ज्येष्ठांचं म्हणणं खरं आहे आणि तुम्हाला खेळ ठेवायची पद्धत बदलावी लागेल. मी हे गुळमुळीत सांगणार नाही. ज्या वाचनालयात मूल दारातून थेट पटाकडे आणि पटावरून थेट दाराकडे जातं, तिथं पट चुकीच्या जागी मांडलाय. आमचा पट दारापासून लांबच्या कोपऱ्यात आहे. तिथं पोचायला गोष्टींच्या दोन घोड्यांमधून जावं लागतं. (घोडा म्हणजे आमचा पुस्तकांचा लाकडी स्टँड हो, बुद्धिबळातला नव्हे.)

आणि बुद्धिबळाला टाइमपास म्हणणारा माणूस सांगली जिल्ह्यात असावा, याचं मला नवल वाटतं. सांगलीला बुद्धिबळाची पंढरी म्हणतात. भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळातून किती पोरं घडवली, ते जुन्या सांगलीकराला विचारा. महिला ग्रँडमास्टर स्वाती घाटे इथल्याच.

पुस्तकांसारखी खेळणी घरी न्यायला देणं हेही नवं खूळ नाही. अमेरिकेत लॉस एंजेलिसला मंदीच्या दिवसांत, १९३५ साली, अशी खेळण्यांची देवघेव सुरू झाली. घरात खेळणं विकत घेण्याची ऐपत नव्हती म्हणून. आपल्याकडे पुस्तक विकत घेण्याची ऐपत नव्हती म्हणूनच तर गावोगाव वाचनालयं निघाली.

प्रश्न : शाळेला देणगीत मिळालेले खेळ कोणत्या नोंदवहीत चढवावेत? हेडक्लार्क म्हणतात जडसंग्रहात. मला पटत नाही.
— ग्रंथपाल, जत

मलाही पटत नाही, आणि यावर मी एकदा पंधरा मिनिटं वाद घालून हरलेही आहे.

जडसंग्रह नोंदवही म्हणजे आपलं डेडस्टॉक रजिस्टर. टेबल, खुर्ची, पंखा, घंटा, फळा. त्यात चढलेल्या वस्तूचं एकच कर्तव्य असतं: वर्षअखेर मोजायला आल्यावर जागेवर असणं. म्हणून ती वापरायला देत नाहीत. वापरली तर मोडेल, मोडली तर निर्लेखनाचा (नोंदीतून काढून टाकण्याचा) प्रस्ताव, सही, शेरा. आमच्या शाळेत नवा कोरा नकाशा-कोड्यांचा संच असाच जडसंग्रहात चढला आणि सहा वर्षांनी प्लॅस्टिकच्या वेष्टनासकट निर्लेखित झाला. वाळवीनं खाल्ला. कागदोपत्री एकही तुकडा हरवला नव्हता.

म्हणून म्हणते, आलेलं प्रत्येक पुस्तक क्रमांक देऊन जिच्यात चढवतो त्या ग्रंथालयाच्या दाखल नोंदवहीत खेळालाही दाखल क्रमांक द्या. मुख्य नोंदवहीत घालायला कुणी हरकत घेतली तर वेगळी वही करा, क्रमांकाआधी 'खे' लिहा. खे-१, खे-२. देणगीदाराचं नाव, दिनांक, किंमत, आणि पुस्तकाच्या पानांच्या रकान्यात तुकड्यांची संख्या. डब्याच्या झाकणाला आतून देवघेव-चिठ्ठी चिकटवा. वर्गीकरण दशांश पद्धतीनंच: कोडी ७९३.७, बुद्धिबळ ७९४.१. पण ठेवताना मी क्रमांक पाळत नाही, खुशाल लबाडी करते. नकाशाचं कोडं भूगोलाच्या पुस्तकांशेजारी, शब्दकोडी कोशांशेजारी.

सार्वजनिक वाचनालयांना एक सूचना: १९६७ च्या महाराष्ट्र सार्वजनिक ग्रंथालय अधिनियमाखाली मान्यता आणि अनुदान असेल तर ग्रंथखरेदीच्या पैशाला खेळांसाठी हात लावू नका. देणगी, नाहीतर वाढदिवसाची भेट. तपासणीला अधिकारी येतात तेव्हा वही आपण होऊन पुढं ठेवा.

प्रश्न : माझा मुलगा चौथीत आहे. मोबाइलवर गणिताचं एक ॲप खेळतो. प्रत्येक बरोबर उत्तराला नाणी मिळतात, नाण्यांनी गाडी सजवता येते. तासन्‌तास बसतो, पण परीक्षेत गणित तसंच. तुम्ही वाचनालयात ठेवता ते खेळ याहून वेगळे कसे?
— एक आई, सातारा

ताई, तुम्ही पुण्याला जाताना आनेवाडीचा टोलनाका लागतो. टोल भरला की आडवा दांडा वर, गाडी पुढं. वर्षानुवर्षं टोल भरून कुणाला रस्ता बांधता येतो का? तुमच्या मुलाच्या ॲपमध्ये गणित हा टोल आहे. खेळ गाडीचा आहे. तो हुशार आहे, म्हणून कमीत कमी टोल भरून पुढं जायला शिकलाय. एकदा शेजारी बसून बघा. बहुधा तो सगळ्यात सोप्या पातळीवर तीच ती बेरीज दामटत असेल. नाणी सारखीच मिळतात ना!

चांगल्या खेळात गणित काढून टाकलं की खेळच उरत नाही. आमच्याकडे एक पत्त्यांचा डाव आहे. (पोस्टकार्डवाले काका, हा तुमच्यासाठी.) आपल्या आजी-आजोबांना पाढ्यांबरोबर पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी म्हणावी लागायची. ती गेली, पण त्यातले शब्द अजून घराघरांत आहेत. अठ्ठेचाळीस पत्ते केले. काहींवर शब्द: पाव, पाऊण, सव्वा, पावणेदोन, अडीच. काहींवर तोच आकडा अपूर्णांकात. काहींवर भाकरीची चित्रं, कापलेली. तिन्ही जुळले की हात तुमचा. 'औट' हा हुकमाचा पत्ता, कारण साडेतीनला औट म्हणतात हे मुलांना माहीत नसतं आणि शब्द ऐकून ती खदखदून हसतात. क्रिकेटमधला आउट समजतात. पहिल्या डावात "पावणेदोन म्हणजे दोनपेक्षा जास्त" म्हणून हमखास भांडण होतं. मी मधे पडत नाही, घड्याळाकडे बोट दाखवते. पावणेदोन वाजले तेव्हा दोन वाजायचे होते की वाजून गेले होते?

घरी करून बघा, जुन्या लग्नपत्रिकांच्या पाठीवर उत्तम होतात. ॲप एकदम बंद करू नका, नाहीतर पत्ते म्हणजे शिक्षा ठरेल.

आणि ते ॲप मुलाचं नाव, शाळा, फोटो, जन्मतारीख मागत असेल तर थांबा. २०२३ च्या वैयक्तिक माहिती संरक्षणाच्या कायद्यात अठरा वर्षांखालचा प्रत्येक जण मूल धरलाय आणि त्याची माहिती घ्यायची तर पालकांची पडताळता येण्याजोगी संमती हवी, असं म्हटलंय. आमच्या संगणकांवर मुलं स्वतःचं नाव घालत नाहीत. एकीचं नाव 'शेवगा' आहे, एकाचं 'डबल डेकर'.

प्रश्न : नमस्कार बाई. मी सातवीत आहे. आमच्या गावच्या वाचनालयात बुद्धिबळ आहे पण फक्त बालदिनाला बाहेर काढतात. मोठी माणसं म्हणतात सोंगट्या हरवतील. तुमच्या हरवत नाहीत का?
— एक मुलगी, कवठेमहांकाळ

बाळ, हरवतात की! चार वर्षांत आमची नऊ प्यादी, एक हत्ती आणि एक काळा उंट गेला. हत्ती नंतर एका दप्तरात सापडला, शेंगदाण्याच्या लाडवाला चिकटलेला.

तू एक कर. कार्यवाहांच्या नावे साध्या कागदावर अर्ज लिही. आणखी तिघा-चौघांच्या सह्या घे. त्यात लिही की दर शनिवारी पट घेताना आणि परत देताना आम्ही बत्तीस सोंगट्या मोजून वहीत सही करू, आणि एखादी हरवली तर तिच्या जागी दुसरी करून देऊ. "खेळू द्या" एवढंच लिहिलंस तर अर्ज टेबलावर पडून राहील. "मोजून देऊ" लिहिलंस तर त्यांना नाही म्हणायला कारण शोधावं लागेल.

आणि करून देणं अवघड नसतं. आमची प्यादी आता शर्टाच्या बटणांची आहेत, दोन-दोन बटणं एकावर एक चिकटवून. काळा उंट म्हणजे निलगिरी तेलाच्या बाटलीचं बूच. त्याला सगळे बुचउंट म्हणतात. अजून वास येतो त्याला, आणि सर्दी झालेलं पोर हटकून काळ्या सोंगट्या मागतं.